भिंतीवरची वाक्यं आणि सहाशे मीटरची खूण

प्रश्न: माझी मुलगी सोळा वर्षांची आहे, 800 मीटर धावते. विभागीय स्पर्धेत पहिली आली होती. राज्य स्पर्धेच्या अंतिम फेरीत पाचशे मीटरपर्यंत दुसरी होती आणि शेवटी सातवी आली. तेव्हापासून ग्राउंडवर जायला टाळाटाळ करते. तिच्या खोलीची भिंत मोठ्या खेळाडूंच्या वाक्यांनी भरलेली आहे, मोबाइलवरही तसेच व्हिडिओ बघते. बघितलं की दोन दिवस पहाटे पाचला उठते, मग पुन्हा पांघरूण ओढून घेते. या वाक्यांचा खरंच काही उपयोग होतो का? होत असेल तर कोणाचं काय वाचायला द्यावं?

उत्तर:

ताई, उपयोग होतो. पण वाक्य नुसतं भिंतीवर लावून होत नाही. मी मध्यम पल्ल्याच्या मुलामुलींना बरीच वर्षं शिकवलं, आता मुख्यतः खेळाडूंच्या मानसिक तयारीचं काम करतो. अशा भिंती पुष्कळ पाहिल्या आहेत. जिने एवढ्या आवडीने भिंत सजवली, तिची खेळावरची माया आटलेली नाही, हे आधी मनाशी पक्कं धरा. तिला धावण्याचा कंटाळा आलेला नाही. पाचशेच्या पुढे पुन्हा पाय जड होतील, पुन्हा एकेक जण बाजूने निघून जाईल, याची तिला धास्ती बसली आहे.

व्हिडिओ बघून अंगात येणारी तरतरी खरी असते. मागचं संगीत, तो भारदस्त आवाज, घामाने निथळलेले चेहरे. कुणाच्याही अंगावर काटा येईल. पण ती तरतरी कुठल्याच कामाला जोडलेली नसते, म्हणून दोन दिवसांत ओसरते. आणि तुमच्या मुलीची अडचण पहाटे पाच वाजता सुरू होत नाही. ती शर्यतीच्या शेवटच्या अडीचशे मीटरमध्ये आहे. त्या क्षणी डोक्यात "हार मानू नकोस" असं वाक्य आलं, तर पायांनी नेमकं काय करायचं? खांदे कानांपर्यंत चढलेले असतात, मुठी आवळलेल्या, मान ताठलेली, पाऊल लांब पडतंय पण पुढे सरकत नाही. "हार मानू नकोस" ऐकून मुलं आणखी आवळतात. ट्रॅकच्या कडेला उभं राहून मी हे वारंवार पाहिलं आहे. त्याच मुलाला "खांदे सोड, हात मागे खेच" एवढंच सांगा, दहा पावलांत चाल बदललेली दिसते.

संशोधनातही असंच दिसतं. खेळाडू स्वतःशी जे बोलतात त्यावर झालेले बरेच अभ्यास ग्रीसमधल्या संशोधकांनी 2011 साली एकत्र करून तपासले. स्वतःशी बोलण्याचा फायदा होतो हे त्यातून दिसलं. नेमबाजीसारख्या बारीक कौशल्याच्या कामात जोश चढवणाऱ्या शब्दांपेक्षा काय करायचं ते सांगणारे शब्द जास्त कामाला येतात, हेही दिसलं. थोर खेळाडूंच्या वाक्यांकडे मी याच नजरेने बघतो. ऐकल्यावर पुढचं पाऊल कुठे टाकायचं ते कळत असेल तर वाक्य ठेवावं. नुसतं छान वाटत असेल तर छान वाटू द्यावं, पण त्याच्या भरवशावर शर्यतीला उभं राहू नये.

भिंतीबद्दल आणखी एक. तिथे मुहम्मद अलींच्या फोटोखाली "अशक्य असं काही नसतं" या अर्थाचा मजकूर असेल, तर तो बहुतेक आदिदासच्या 2004 सालच्या जाहिरात मोहिमेतला आहे. अलींच्या नावावर तो नंतर चिकटला. बास्केटबॉलपटू मायकल जॉर्डनचं नऊ हजारांहून जास्त नेम चुकल्याचं आणि जवळजवळ तीनशे सामने हरल्याचं जे निवेदन सगळीकडे फिरतं, ते 1997 च्या नायकीच्या जाहिरातीतलं. आवाज त्याचाच आहे, म्हणून ते खोटं ठरत नाही. पण अर्ध्या मिनिटाच्या जाहिरातीत चुकलेल्या नेमानंतरच्या सकाळी त्याने काय केलं याला जागा नसते, आणि तुमच्या मुलीला नेमकं तेच हवं आहे. विल्मिंग्टनच्या शाळेत पहिल्या निवडीत त्याला मोठ्या संघात घेतलं नाही, ज्युनियर संघात ठेवलं. त्या संघात तो खेळत राहिला, पुढच्या वर्षी वर गेला. ज्युनियर संघातलं ते अख्खं वर्ष कुठल्याच पोस्टरवर येत नाही.

मग वाचायला काय द्यावं? माझ्याकडे येणाऱ्या जवळजवळ प्रत्येक मुलाला मी आधी टेनिसपटू रॉजर फेडररचं एक भाषण देतो. जून 2024 मध्ये अमेरिकेतल्या डार्टमथ कॉलेजच्या पदवीदान समारंभात त्याने ते केलं. त्यात तो एक हिशेब मांडतो. कारकिर्दीत एकेरीचे 1526 सामने खेळलो, त्यातले जवळपास 80 टक्के जिंकले. पण त्या सगळ्या सामन्यांतले गुण मोजले तर जिंकलेले गुण किती? फक्त 54 टक्के. म्हणजे जगातला इतका मोठा खेळाडू जवळजवळ दर दुसरा गुण हरत होता. त्यावर तो सांगतो की गुण चालू असताना जगात त्याच्याइतकं महत्त्वाचं काही नसावं, आणि संपला की तो मागे पडला.

हे बोलणारा माणूस कोण, तेही मुलीला सांगा. 2019 च्या विम्बल्डन अंतिम सामन्यात पाचव्या सेटमध्ये 8-7 वर सर्व्हिस त्याची होती, 40-15 अशी आघाडी होती, विजेतेपद एका गुणावर होतं आणि अशा दोन संधी हातात होत्या. दोन्ही गेल्या. सामना संपला तेव्हा त्याचे एकूण गुण 218 आणि जोकोविचचे 204. जास्त गुण मिळवूनही तो हरला होता. त्याच भाषणात तो नदालकडून हरलेल्या 2008 च्या विम्बल्डन अंतिम सामन्याबद्दलही बोलतो: काही आठवड्यांपूर्वी फ्रेंच स्पर्धेत ज्याने धुव्वा उडवला तोच समोर बघून, पहिल्याच गुणाला आपण मनाने हरलो होतो. पाच वर्षं सलग विम्बल्डन जिंकलेला माणूस समोरच्याला बघून कच खातो आणि सोळा वर्षांनी हजारो लोकांसमोर ते मोकळेपणाने सांगतो. अशी कबुली वाचली की मुलांच्या मनावरचं अर्धं ओझं उतरतं, कारण आपल्या एकटीलाच असं होतं ही समजूत गळून पडते.

आता तोच हिशेब तुमच्या मुलीच्या शर्यतीला लावू. 800 मीटर म्हणजे चार वेळा दोनशे. शर्यतीचा व्हिडिओ कुणाच्या तरी फोनमध्ये असेलच. तिच्या प्रशिक्षकांना सांगून दर दोनशेची वेळ काढून घ्या. माझा अंदाज असा, की पहिले दोनशे तिने तिच्या नेहमीपेक्षा बरेच वेगात काढले असतील. राज्याची अंतिम फेरी, बाजूला अनोळखी मुली, वळण संपलं की सगळ्या आतल्या लेनकडे झेपावतात, त्या गडबडीत हे बहुतेकांचं होतं. त्याची किंमत पाचशेच्या पुढे मोजावी लागते. डेव्हिड रुडिशाने 2012 च्या लंडन ऑलिम्पिकमध्ये 1:40.91 अशी विश्वविक्रमी वेळ दिली, त्यात पहिला लॅप 49.28 सेकंदांचा होता. वजाबाकी करा: दुसरा लॅप 51.63. त्या दिवशीच्या जगातल्या सर्वात वेगवान माणसाचाही दुसरा लॅप पहिल्यापेक्षा दोन सेकंदांहून जास्त हळू होता. या शर्यतीत शेवटी मंदावतात सगळेच. कोण किती कमी मंदावतो यावर पदकं ठरतात. हे मुलीला आकड्यांत दिसलं की "मी कच्ची आहे" हे वाक्य जागेवर राहत नाही. त्याच्या जागी "पहिले दोनशे जास्त जोरात गेले" हे येतं, आणि त्याच्यावर सोमवारपासून काम करता येतं.

इथे एक गोष्ट मध्येच सांगतो, कारण ती राहून गेली तर बाकी सगळं व्यर्थ आहे. सोळा वर्षांची धावणारी मुलगी शर्यतीच्या शेवटी गळत असेल, पहाटे उठवत नसेल, तर रक्त तपासून घ्या. हिमोग्लोबिनबरोबर फेरिटिन म्हणजे शरीरातला लोहाचा साठाही बघायला डॉक्टरांना सांगा. पाळी नियमित आहे का, पोटभर जेवते का, झोप किती, हे विचारा. लोह कमी असताना मुली स्वतःला आळशी समजायला लागतात आणि त्यावर उपाय म्हणून आणखी व्हिडिओ बघतात. शरीरात कमी पडतंय ते मनाच्या ताकदीने भरून निघत नाही.

सचिनचं एखादं वाक्य भिंतीवर असणारच. त्याच्या वाक्यांपेक्षा त्याने गप्प राहून केलेली एक गोष्ट मी मुलांना जास्त सांगतो. 2003-04 चा ऑस्ट्रेलिया दौरा. सिडनीच्या कसोटीआधीचे त्याचे डाव असे: 0, 1, 37, 0, 44. ऑफ स्टंपबाहेरच्या चेंडूने त्याचा घात केला होता. सिडनीला जानेवारी 2004 मध्ये तो उतरला आणि ठरवून कव्हर ड्राइव्ह मारलाच नाही. हा त्याचा लाडका, जगाने डोक्यावर घेतलेला फटका. 436 चेंडू, दहा तासांहून जास्त वेळ खेळपट्टीवर, नाबाद 241. गोलंदाज बाहेर टाकत राहिले, तो सोडत राहिला. शेवटी त्यांना त्याच्या पायांवर टाकावं लागलं आणि तिथून धावा निघाल्या.

"कव्हर ड्राइव्ह मारायचा नाही." हे वाक्य पोस्टरवर शोभणार नाही, त्याने कुणाच्या अंगावर काटा येणार नाही. पण एवढ्या एका वाक्याने त्याला दहा तास उभं केलं. स्वतःच्या अपयशाकडे नीट बघून त्याने ते काढलं होतं: मी कुठे बाद होतोय, कशामुळे, आणि उद्या त्यातलं काय टाळायचं. मला थोर खेळाडूंकडून मुलांनी हीच पद्धत उचलायला हवी आहे. त्यांच्या शब्दांच्या मागे अशी एखादी आखणी असतेच. ती शोधेपर्यंत वाक्य आपलं झालेलं नसतं.

आपल्याकडचं ताजं उदाहरण स्वप्निल कुसाळेचं. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीचा मुलगा, रेल्वेत नोकरीला. पॅरिस ऑलिम्पिकमध्ये 1 ऑगस्ट 2024 ला नेमबाजीच्या 50 मीटर रायफल थ्री पोझिशन प्रकारात (गुडघ्यावर बसून, झोपून आणि उभं राहून नेम धरायचा) त्याने 451.4 गुणांसह ब्राँझ जिंकलं. त्याआधी 2022 च्या कैरोतल्या जागतिक स्पर्धेत तो चौथा आला होता. चौथा क्रमांक फार वाईट. ऑलिम्पिकचा कोटा, म्हणजे देशासाठी तिथली एक जागा, मिळाला तरी पदक डोळ्यांसमोरून जातं. पॅरिसच्या अंतिम फेरीत गुडघ्यावर बसून नेम धरण्याचा पहिला टप्पा संपला तेव्हा तो सहावा होता. सामन्यानंतर त्याने जे सांगितलं ते अगदी साधं होतं. सकाळपासून काही खाल्लं नव्हतं, फक्त कोरा चहा घेतला होता. छातीचे ठोके खूप वाढले होते. श्वासावर लक्ष ठेवलं आणि वेगळं काही करायला गेलो नाही.

यातला प्रत्येक तुकडा कामाचा आहे. ठोके वाढले होते, हे तो लपवत नाही; म्हणजे पदक जिंकणाऱ्यालाही धडधड होते आणि धडधडीसकट नेम धरता येतो. श्वासावर लक्ष, कारण नेमबाज श्वास सोडताना थांबतो आणि त्या थांब्यात ट्रिगर दाबतो, तेव्हा श्वास हा त्याच्या कामाचाच भाग आहे. आणि वेगळं काही करायचं नाही, हे तर सुवर्णाक्षरांत लिहावं असं. मोठ्या दिवशी मोठं काहीतरी करायला जाणं हीच मुलांची सर्वात नेहमीची चूक असते. तुमच्या मुलीचे पहिले दोनशे त्यामुळेच जोरात गेले असावेत. त्याच्या उपाशी राहण्याचं मात्र अनुकरण नको. ती त्या सकाळची त्याची अवस्था होती, आणि 800 धावणाऱ्या मुलीने तीन तास आधी नीट खाल्लंच पाहिजे.

धावणाऱ्या मुलीला आपल्याच मातीतला धावपटू जास्त जवळचा वाटेल. बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्याचा अविनाश साबळे टोकियो ऑलिम्पिकमध्ये 3000 मीटर स्टीपलचेस, म्हणजे अडथळे आणि पाणी ओलांडत धावायची शर्यत, 8:18.12 मध्ये धावला. राष्ट्रीय विक्रम झाला, पण अंतिम फेरी हुकली; बाहेर राहिलेल्यांत सर्वात चांगली वेळ त्याचीच होती. आयुष्यातली सर्वोत्तम धाव आणि तरी घरी जा, असा तो दिवस. पुढच्या वर्षी बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्याने 8:11.20 मध्ये रौप्य घेतलं, सुवर्ण 0.05 सेकंदाने गेलं. 1998 पासून त्या शर्यतीची सगळी पदकं केनियाच्या धावपटूंनी नेली होती, ती रांग त्याने मोडली. 2024 मध्ये पॅरिसच्या डायमंड लीगमध्ये वेळ 8:09.91 वर आणली. त्याची वाक्यं शोधत बसण्यापेक्षा या तीन वेळा वरपासून खाली एका कागदावर लिहून भिंतीवर लावा. साताऱ्याच्या माण तालुक्यातल्या मोहीची ललिता बाबर मॅरेथॉन धावत होती, तिथून ती स्टीपलचेसकडे वळली आणि 2016 ला रिओत अंतिम फेरीत पोहोचली. ऑलिम्पिकमध्ये ट्रॅकवरच्या वैयक्तिक शर्यतीच्या अंतिम फेरीत 1984 च्या पी. टी. उषांनंतर पोहोचलेली ती पहिली भारतीय स्त्री. तिथे ती दहावी आली. तुमच्या लेकीला विचारा, ही दहावी जागा तिला हार वाटते का.

पहाटेच्या पांघरुणासाठी मात्र एलियुड किपचोगे. केनियातल्या काप्तागतच्या साध्या शिबिरात राहून, तिथली साफसफाईसुद्धा स्वतः करणारा हा मॅरेथॉनपटू 2017 मध्ये ऑक्सफर्डला बोलला होता: शिस्त असलेलाच माणूस मोकळा असतो; शिस्त नसेल तर तुम्ही स्वतःच्या लहरीचे गुलाम. तुमची मुलगी सध्या लहर येण्याची वाट बघते आणि ती यावी म्हणून व्हिडिओ लावते. किपचोगे उलट बाजूने जातो. लहर असो नसो, ठरल्या वेळी बूट पायात. 2012 मध्ये लंडन ऑलिम्पिकच्या केनियन संघात त्याची निवड झाली नाही, तेव्हा तो ट्रॅक सोडून रस्त्यावरच्या शर्यतींकडे वळला आणि मॅरेथॉनचा बादशहा झाला. घरात एवढं करा: रात्री बूट, मोजे, पाण्याची बाटली दाराशी ठेवायची, आणि सकाळचा करार फक्त ग्राउंडपर्यंत चालत जाण्याचा. तिथे गेल्यावर परत यावंसं वाटलं तर यायची मुभा. फार कमी मुलं परत येतात.

इथून पुढचं थोडं लेकीला वाचायला द्या.

बाळ, भिंतीवरचं काही काढू नकोस. त्यातलं तुला सर्वात आवडणारं एकच वाक्य निवड आणि त्याचा माग काढ. ते त्या खेळाडूने खरंच म्हटलंय का? कधी, जिंकल्यावर की हरल्यावर? त्याआधी काय घडलं होतं, आणि त्यानंतरच्या महिन्यात त्याने सरावात काय बदललं? सापडेल तेवढं वहीत लिही. काहीच सापडलं नाही तर दुसरं वाक्य घे. मग तुझ्या शर्यतीतल्या तीन जागांसाठी तुझे स्वतःचे शब्द ठरव. सुरुवातीचं वळण संपून सगळ्या आत येतात ती पहिली जागा, चारशेला घंटा वाजते ती दुसरी, आणि शेवटच्या वळणाच्या तोंडाशी असलेली सहाशेची खूण ही तिसरी. शब्द तीनाहून जास्त नकोत आणि ते शरीराबद्दल असावेत. पहिल्या जागी "माझी चाल" चालेल. घंटेला "श्वास सोड". सहाशेला "खांदे खाली, हात". तुला दुसरे सुचले तर ते जास्त चांगले. उसने शब्द सहाशे मीटरला आठवत नाहीत.

हे शब्द खोलीत बसून पाठ होत नाहीत. सरांना विचारून आठवड्यातून एकदा असं कर: शर्यतीच्या वेगाने सहाशे पळायचं, दोन मिनिटं थांबायचं, मग दोनशे. त्या शेवटच्या दोनशेत पाय भाजतात, तुला माहीत आहे. तिथेच तो शब्द म्हणायचा, मोठ्याने म्हटलास तरी चालेल. थकलेल्या पायांनी शब्द शिकला की थकलेल्या पायांना तो आठवतो. आणखी एक तयारी. शर्यतीत कुणी बाहेरून पुढे गेली तर काय करायचं, ते आजच ठरवून ठेव: ती गेली, की मी तिच्या मागे लागणार आणि नजर तिच्या खांद्यांवर. असं "हे झालं तर हे" आधी ठरलेलं असलं की त्या क्षणी घाबरायला वेळ मिळत नाही. स्वतःशी बोलताना स्वतःला नावाने हाक मारून बघ. मिशिगन विद्यापीठातल्या संशोधकांना 2014 मध्ये असं आढळलं की ताणाच्या प्रसंगी "मी" म्हणण्याऐवजी स्वतःचं नाव घेऊन बोलणारे लोक जास्त सावरलेले राहिले. एखाद्या मैत्रिणीला सांगावं तसं सांगायचं, तेवढ्याच मायेने.

ताई, आता तुमच्याकडे येतो. मुलीच्या भिंतीवर कुणाची वाक्यं आहेत यापेक्षा शर्यतीनंतर घरी जाताना गाडीत कोण काय बोलतं, याचा परिणाम जास्त होतो. सचिनने निरोपाच्या भाषणात सांगितलं होतं की आचरेकर सरांनी त्याला कधी "छान खेळलास" म्हटलं नाही, पोरगं सैलावेल म्हणून. ही गोष्ट सांगून कित्येक पालक आणि प्रशिक्षक मुलांचं कौतुक करायचं टाळतात. त्यांना मी आठवण करून देतो की आचरेकर सर त्या मुलाला स्कूटरवर बसवून मुंबईभर सामने खेळवायला न्यायचे. त्यांची माया स्कूटरवर मागे बसून रोज कळत होती. ती नसताना नुसतं मौन उचललं तर मुलाला फक्त थंडपणा मिळतो. त्याच भाषणात सचिन हातात यादी घेऊन एकेकाचे आभार मानत होता, कुणी राहून जाऊ नये म्हणून. खाशाबा जाधव 1948 ला लंडन ऑलिम्पिकमध्ये सहावे आले, मातीतला पैलवान मॅटवर लढत होता. 1952 ला हेलसिंकीला जायला पैसे नव्हते तेव्हा कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले आणि गोळेश्वरच्या पैलवानाने ब्राँझ आणलं. खाशाबांच्या नावाने पोस्टरवर छापण्यासारखं फारसं काही मिळत नाही. त्यांची गोष्ट मात्र मी अशा प्रत्येक घरात सांगतो, कारण चिकाटी एकट्याच्या छातीत तयार होते असं मुलांना वाटत असतं आणि त्या समजुतीने ती फार एकटी पडतात.

तेव्हा गाडीत आधी खाऊ द्या, पाणी द्या. शर्यतीचा विषय ती काढेपर्यंत काढू नका. काढला तर "काय झालं तुला?" असं विचारू नका, "कुठे जड वाटायला लागलं?" असं विचारा. पहिल्या प्रश्नाचं उत्तर मुलं स्वतःला दोष देऊन देतात, दुसऱ्याचं उत्तर जागा दाखवून. नातेवाइकांपैकी कुणी हे वर्ष फुकट गेलं म्हणालं, तर त्यांना यानिस अँटेटोकुंपोचं उत्तर ऐकवा. 2023 मध्ये त्याचा बास्केटबॉल संघ पहिल्याच फेरीत बाहेर पडला. हा मोसम अपयशी म्हणायचा का, असं पत्रकाराने विचारलं, तेव्हा तो म्हणाला: तुम्हाला दरवर्षी बढती मिळते का? नाही ना, मग दरवर्षीचं तुमचं काम अपयशी का? जॉर्डन पंधरा वर्षं खेळला, सहा वेळा जिंकला, उरलेली नऊ वर्षं फुकट का?

एका बाबतीत सावध राहा. थोर खेळाडूंची वाक्यं बहुतेक "थांबू नकोस" असं सांगतात, आणि कधी कधी थांबणं बरोबर असतं. अमेरिकेची जिम्नॅस्ट सिमोन बाइल्स टोकियो ऑलिम्पिकमध्ये हवेत असताना आपलं शरीर कुठे आहे हेच कळेनासं झाल्यावर सांघिक अंतिम फेरीतून बाहेर पडली. तिला तेव्हा पुष्कळ ऐकावं लागलं. तीन वर्षांनी पॅरिसमध्ये तिने तीन सुवर्णं आणि एक रौप्य मिळवलं. नेमबाज अभिनव बिंद्राने बीजिंग ऑलिम्पिकच्या सुवर्णानंतर आलेल्या रितेपणाबद्दल उघडपणे सांगितलं आहे. जिंकूनही मन खचू शकतं. तुमची मुलगी फक्त ग्राउंड टाळत असेल तर वर सांगितलेलं पुरेसं आहे. पण मैत्रिणी टाळते, जेवण कमी झालंय, झोप लागत नाही किंवा दिवसभर झोपते, आवडीचं दुसरंही काही नको वाटतं, असं दोन आठवड्यांहून जास्त दिसलं तर ते खेळाच्या पलीकडचं आहे. तिला मानसोपचारतज्ज्ञांकडे न्या, माझ्यासारख्याकडे नंतर. स्वतःला इजा करण्याची भाषा एकदा जरी कानावर आली, तर त्याच दिवशी न्या.

पुढच्या शर्यतीबद्दल तिच्या प्रशिक्षकांशी बोला. पहिली शर्यत 800 ची नकोच. महिना-दीड महिन्याने एखाद्या तालुक्याच्या किंवा क्लबच्या स्पर्धेत तिला 400 किंवा 1500 पळू द्या, जिथे राज्य स्पर्धेच्या वेळेशी तुलना होत नाही आणि कुणी व्हिडिओ काढायला उभं नसतं. त्यानंतर 800, तेही लहान स्पर्धेत, आणि उद्दिष्ट एकच: पहिले दोनशे ठरलेल्या वेळेत. क्रमांक कितवाही येवो, दोनशेची वेळ जमली की त्या दिवसाचं काम झालं. तुम्ही त्या दिवशी कुठे उभ्या राहावं, ते तिलाच विचारा. काही मुलींना आई सहाशेच्या खुणेपाशी हवी असते, काहींना अगदी स्टँडच्या मागे. ती सांगेल तिथे उभ्या राहा, आणि ती समोरून जाताना काय ओरडायचं तेही तिच्याकडूनच ठरवून घ्या.